‘सगळे पक्षी मूळचे पालाखाऊ’ : एका फिरत्या मेसेजला उत्तर

भाचीचा फोन रात्री साडेनऊला आला. "मावशी, पिल्लू रस गिळतच नाहीये. चोचीतून बाहेर येतोय." संध्याकाळी झाडाखाली पडलेलं पिल्लू तिला सापडलं होतं. अंगावर पिसांच्या नुसत्या काड्या फुटलेल्या, डोळे अर्धवट उघडे. कुठल्या जातीचं तेही ओळखू येण्याच्या वयाचं नव्हतं. त्याला बुटांच्या खोक्यात ठेवून ती तासाभरापासून ड्रॉपरने हिरवा रस पाजत होती. कसला रस, विचारलं तर म्हणाली, "कोवळ्या पानांचा. आजोबांच्या मेसेजमध्ये लिहिलंय ना, पक्षी मूळचे पानंच खातात." मी म्हटलं, आधी तो ड्रॉपर खाली ठेव. सकाळी पिल्लू मेलेलं होतं.

रसानेच मेलं असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही. उंचावरून पडलेलं, आईबापांपासून तुटलेलं पिल्लू तसंही जगलं असतंच असं नाही. पण अकरा वर्षांची मुलगी दोन दिवस रडते आहे, आपण नीट पाजलं नाही म्हणून ते गेलं असं तिला वाटतं आहे, आणि तिने तर सगळं त्या मेसेजमध्ये लिहिल्याबरहुकूम केलं होतं. तेव्हा तो मेसेज मी पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. आमच्या घरच्या ग्रुपवर तो तीन वेगवेगळ्या माणसांनी टाकला होता. बाबांनी तर दोनदा.

मेसेजचा मजकूर थोडक्यात असा. दक्षिण अमेरिकेत ‘करवत-चोच’ नावाचा एक गाणारा पक्षी आहे. तो फक्त पानं खातो. गायीसारखा रवंथ करतो. त्याचा गळा गोड आहे तो पाल्यातल्या हरितद्रव्यामुळे. तो चोचीच्या करवतीने अख्खी झाडं बुंध्याशी कापतो, तीही खाण्यासाठी नव्हे, केवळ लहर म्हणून. पानं सगळीकडे फुकट मिळत असल्यामुळे हा पक्षी कधीच नामशेष होणार नाही. आणि शेवटी मोठ्या अक्षरांत निष्कर्ष: सगळे पक्षी मूळचे पर्णाहारीच होते, किडे आणि दाणे ही त्यांना लागलेली वाईट सवय आहे, म्हणून पाळलेल्या किंवा जखमी पक्ष्याला, विशेषतः पिल्लाला, कोवळ्या पानांचा रस द्या.

यात एक गोष्ट खरी आहे, ती आधीच कबूल करून टाकते. असा पक्षी आहे. एक नाही, तीन जाती आहेत. इंग्रजीत त्यांना प्लांटकटर म्हणतात आणि शास्त्रीय प्रजातीनाम आहे फायटोटोमा, म्हणजे ग्रीकमध्ये ‘वनस्पती कापणारा’. मराठीत नाव नाही, मी इथे ‘पानकातऱ्या’ म्हणते. तांबूस शेपटीचा पानकातऱ्या चिलीत आणि लगतच्या अर्जेंटिनात राहतो. शेपटीला पांढरं टोक असलेला बोलिव्हिया, पॅराग्वे, अर्जेंटिना आणि उरुग्वेमध्ये. तिसरा फक्त पेरूच्या वायव्य किनारपट्टीवरच्या कोरड्या रानात. साधारण बुलबुलाएवढे पक्षी, चोच आखूड आणि जाड, नराच्या अंगावर विटकरी रंग. मादी करड्या-तपकिरी रेघांची. आणि चोचीच्या कडांना खरोखर बारीक दाते असतात. एवढंच त्या मेसेजमधलं खरं. पुढचं सगळं या एका खऱ्यावर रचलेलं आहे.

आता शेवटच्या मुद्द्यापासून सुरुवात करते, कारण नुकसान त्यानेच झालं.

"सगळे पक्षी मूळचे पर्णाहारी." जगात पक्ष्यांच्या दहा हजारांहून अधिक जाती आहेत. त्यांतल्या ज्या खरोखर पाल्यावर भागवतात, त्यांचं प्रमाण जेमतेम ३ टक्के धरलं जातं. त्यातही बहुतेक सगळे मोठ्या अंगाचे: हंस-बदकांच्या गोतावळ्यातले चरणारे पक्षी, शहामृग, उत्तरेकडच्या थंड रानांतले ग्राऊज नावाचे कोंबडीसारखे पक्षी, न्यूझीलंडचा न उडणारा काकापो पोपट. गाणाऱ्या पक्ष्यांच्या प्रचंड गणात पाल्यावर जगणारे इतके थोडे, की ते हाताच्या बोटांवर मोजावेत. ‘मूळचे’ हा शब्द मेसेजमध्ये कुठून आला ते लिहिणाऱ्यालाच ठाऊक. पक्षी ज्या वंशातून आले, ते दोन पायांवर धावणारे डायनासोर होते आणि त्यांच्यात मांसाहाऱ्यांचा भरणा होता. पाला खाणं ही पक्ष्यांची सुटून गेलेली जुनी सवय नव्हे. ती काही मोजक्या पक्ष्यांनी, वेगवेगळ्या ठिकाणी, वेगवेगळ्या वेळी, फार मोठी किंमत मोजून नव्याने साधलेली गोष्ट आहे.

किंमत का, तर पान हे वाईट अन्न आहे. आपल्याला ते हिरवंगार, रसरशीत दिसतं, पण त्याच्या प्रत्येक पेशीभोवती सेल्युलोजची भिंत असते. ती फोडणारा पाचकरस कोणत्याच पक्ष्याच्या शरीरात तयार होत नाही, गायीच्याही होत नाही. गायीच्या पोटात ते काम जंतू करतात, आणि त्यांना दोन गोष्टी लागतात: जागा आणि वेळ. मोठं पोट आणि त्यात तासन् तास मुरणारा चारा. आता चाळीस ग्रॅमच्या पक्ष्याचा विचार करा. अंग जितकं लहान, तितकी दर ग्रॅममागे ऊर्जेची भूक मोठी, आणि पोट मात्र तितकंच लहान. वर त्याला उडायचं आहे. पाल्याने भरलेलं पोट वाहून उडणं म्हणजे ओल्या वाळूची पिशवी पाठीवर घेऊन झाड चढणं. शिवाय झाडं काही पानं वाढून ठेवत नाहीत. त्यांत टॅनिन आणि कितीतरी कडवट, विषारी द्रव्यं भरून ठेवतात. म्हणून बहुतेक लहान पक्षी पानांकडे बघतसुद्धा नाहीत. ते पानं खाणाऱ्या अळ्या खातात. पाल्यातली प्रथिनं अळीने आधीच गोळा करून ठेवलेली असतात, ती आयती घेतात.

आणि पिल्लू? गाणाऱ्या पक्ष्याचं पिल्लू उघडंनागडं, आंधळं जन्मतं आणि कित्येक जातींत दोन आठवड्यांच्या आसपास घरटं सोडतं. तेवढ्या दिवसांत हाडं, स्नायू, पिसं, सगळं घडवायचं असतं. पिसं म्हणजे जवळजवळ निव्वळ प्रथिनं. म्हणून चिमणीसारखा आयुष्यभर दाणे टिपणारा पक्षीसुद्धा पिल्लांना पहिले दिवस किडे भरवतो. चिमणीला कुणी वाईट सवय लावलेली नाही. दाण्यांवर तिचं पिल्लू त्या वेगाने वाढूच शकत नाही.

याचा पडताळा निसर्गातच मिळतो. उत्तर अमेरिकेत काउबर्ड नावाचा पक्षी कोकिळेसारखा दुसऱ्यांच्या घरट्यात अंडी घालतो. कधी तो अमेरिकन गोल्डफिंचच्या घरट्यात घालतो. गोल्डफिंच हा त्या दुर्मीळ पक्ष्यांपैकी, जे पिल्लांनासुद्धा जवळपास केवळ बियांचा लगदा भरवतात. घरटं तेच, ऊब तीच, भरवणारे आईबाप कष्टाळू. गोल्डफिंचची स्वतःची पिल्लं मजेत वाढतात आणि काउबर्डचं पिल्लू तीनेक दिवसांपलीकडे सहसा जगत नाही. त्या अन्नावर ते जगूच शकत नाही. सख्ख्या आईच्या मायेने भरवणाऱ्या पक्षिणीला जे जमत नाही, ते आपण ड्रॉपरने पानांचा रस घालून करू, असं हा मेसेज एका लहान मुलीला सांगतो. आणि बिया तरी बऱ्या, त्यांत तेल आणि प्रथिनं असतात. पानाच्या रसात पाणी सोडलं तर पिल्लाच्या उपयोगाचं फारसं काही नाही, आणि ते पाणीच जिवावर उठतं, त्याबद्दल शेवटी लिहिते.

पाळलेल्या दाणेखाऊ पक्ष्यांना अधूनमधून थोडी हिरवी पानं देतात, हे बाबांनी मला फोनवर दोनदा ऐकवलं. बरोबर आहे. थोडी. तोंडी लावायला. त्यावरून कुणी दाणे बंद करून पाल्यावर ठेवलं तर पक्षी उपाशी मरेल.

मग पानकातऱ्याला हे जमतं तरी कसं? इथे मेसेजवाल्याने जरा थांबून शोधलं असतं तर त्याच्या थापांपेक्षा कितीतरी नवलाची गोष्ट हाती लागली असती. १९९९ साली ‘द कॉन्डॉर’ या पक्षिविज्ञानाच्या नियतकालिकात चिलीच्या मारिया व्हिक्टोरिया लोपेझ-कायेहा आणि फ्रान्सिस्को बोझिनोविच यांचा तांबूस शेपटीच्या पानकातऱ्यावरचा अभ्यास छापून आला. तो खातो कसा आणि खाल्लेल्यातलं अंगी किती लागतं, हाच त्यांचा विषय. सुमारे ४० ग्रॅम वजनाचा पक्षी, म्हणजे पाला खाऊन जगण्यासाठी हिशेबाने फारच लहान. उत्तर त्याच्या चोचीत सापडतं. बाकीचे पक्षी घास गिळतात, हा चावतो. पान तोडून चोचीच्या दातेरी कडांमध्ये घोळवत, चिरडत, त्याचा चोथा करतो आणि मग गिळतो. पेशीची भिंत पचवायच्या भानगडीत न पडता ती चोचीतच फोडायची, आतला रस, साखर, प्रथिनं घ्यायची, आणि उरलेला चोथा लवकर बाहेर टाकायचा. दात नसलेल्या प्राण्याने दातांचं काम चोचीकडून करून घेतलं आहे. ती करवत झाडं पाडायला नाही, घास चावायला आहे.

हे एकदा समजलं की ‘रवंथ करतो’ हा मुद्दा आपोआप गळून पडतो. रवंथ करणारा पक्षी म्हणून ज्याचं नाव घेतलं जातं तो होॲट्झिन. तोही दक्षिण अमेरिकेतलाच, ॲमेझॉन आणि ओरिनोकोच्या नदीकाठचा, पण गाणाऱ्या पक्ष्यांशी त्याचा संबंध नाही. वजन सातशे ग्रॅमच्या आसपास. त्याच्या गळ्याखालची अन्नपिशवी एवढी मोठी असते की छातीच्या उडण्याच्या स्नायूंची जागा तिने खाल्ली आहे. त्यामुळे तो कसाबसा फडफडत या फांदीवरून त्या फांदीवर जातो. त्या पिशवीत जंतू पाला आंबवतात, अन्न एक दिवसाहून अधिक काळ आत राहतं, आणि पक्ष्याला शेणासारखा वास येतो. १९८९ साली अलेहांद्रो ग्राहाल आणि सहकाऱ्यांनी ‘सायन्स’मध्ये हे मांडलं. गायीची तुलना करायचीच तर या पक्ष्याशी करा, आणि तरीही तो गायीसारखा चघळत बसत नाही, चार कप्प्यांचं पोटही त्याला नाही. मेसेजवाल्याने दोन पक्षी एकत्र कालवले आहेत. एकाने चोच बदलली, दुसऱ्याने पोट बदललं. आपण ज्या पिल्लाला रस पाजत होतो त्याच्याजवळ यातलं काहीच नव्हतं.

आता तो करवतीचा मुद्दा. "अख्खी झाडं बुंध्याशी कापतो, केवळ लहर म्हणून." सगळ्यात जास्त लोकांनी डोळे विस्फारलेल्या इमोजी टाकल्या आहेत त्या याच ओळीवर. ही थाप कुठून आली ते मला ओळखता आलं, कारण ती दोनशे चाळीस वर्षं जुनी आहे. चिलीत जन्मलेला हुआन इग्नासिओ मोलिना हा जेझुइट या कॅथलिक पंथाचा पाद्री. स्पेनच्या राजाने जेझुइटांना वसाहतींतून हद्दपार केलं तेव्हा, १७६८ मध्ये, त्याला देश सोडावा लागला. इटलीत बोलोन्याला स्थायिक होऊन त्याने १७८२ साली चिलीच्या निसर्गावर पुस्तक छापलं. पानकातऱ्याची पहिली शास्त्रीय नोंद त्यात आहे, आणि त्यातच लिहिलं आहे की हा पक्षी रोप मुळाजवळ कापल्याशिवाय खात नाही, पुष्कळदा नुसत्या लहरीने कापून टाकतो, म्हणून शेतकऱ्यांचं त्याच्याशी कायमचं वैर आहे आणि त्याची अंडी नष्ट करणाऱ्या पोरांना बक्षीस मिळतं.

मोलिना काही भोंदू नव्हता. चिलीचा रोहित (फ्लेमिंगो), पुडू नावाचं इवलंसं हरीण, अशा कितीतरी प्राण्यांची शास्त्रीय नावं आजही त्याच्याच नावावर आहेत. पण देश सोडून चौदा वर्षं झालेली, मध्ये अख्खा महासागर, आणि पक्ष्याबद्दल लिहिताना त्याने शेतकऱ्यांचा राग जसाच्या तसा उतरवलेला दिसतो. भाजीचा वाफा उद्ध्वस्त झालेला माणूस पक्ष्याबद्दल जे बोलेल तेच त्यात आहे. त्याही वर्णनात रोपं आहेत, गवत आहे. ‘अख्खी झाडं’ ही मेसेजवाल्याची स्वतःची भर. बोटाच्या पेराहून लहान चोच, तिच्या कडेला डोळे बारीक करून बघावे लागतील असे दाते, आणि तिने म्हणे बुंधा कापायचा!

आणि लहर! पाल्यासारख्या निकृष्ट अन्नावर जगणाऱ्या जिवाला लहर परवडत नाही. त्याचा दिवस खाण्यात जातो. २००३ साली एन्रिके बुचेर आणि सहकाऱ्यांनी अर्जेंटिनातल्या पानकातऱ्यावर वर्षभर लक्ष ठेवून लिहिलं, त्यातून तर उलटंच चित्र दिसतं: पक्षी समोर येईल ते पान खात नाही. ज्यांत प्रथिनं जास्त आणि तंतू कमी ती पानं तो निवडतो, ऋतू बदलला की ताटही बदलतो, फळं-कळ्या मिळतात तेव्हा त्या घेतो. कोवळं काय, जून काय, कुठल्या झुडपाचं कधी, याचा त्याला पक्का अंदाज असतो. निवडून तोडलेल्या पानाचे कपटे खाली सांडतात. ते बघून कुणाला नासधूस वाटली असेल.

शेतकऱ्यांचा राग अगदीच निराधार होता का? नाही. चिलीत हा पक्षी फळबागांत शिरतो, कळ्या आणि कोवळे कोंब खातो, आणि त्याचा उपद्रव होतो. हे मान्य करायला हवं. बागवाल्याचं नुकसान खरंच आहे. पण भुकेने कळी खाणं वेगळं आणि दुष्टपणाने झाड पाडणं वेगळं. पहिल्यावर जाळी टाकता येते. दुसरं सांगितलं की पोरांच्या हातात दगड येतो, आणि मोलिनाच्या काळात तो आलाच होता.

न खाता पानं कापणारा एक पक्षी मात्र आहे, आणि तो गाणारा पक्षीच आहे. पण तो ऑस्ट्रेलियात, ईशान्य क्वीन्सलँडच्या डोंगरातल्या पावसाळी रानात राहतो. दंतचोच बॉवरबर्ड म्हणू त्याला. चोचीला खाच असते. विणीच्या हंगामात नर जमिनीवरचा एक तुकडा झाडून स्वच्छ करतो, मोठी हिरवी पानं देठाशी चावून तोडून आणतो आणि त्या अंगणात उलटी मांडतो, फिकी बाजू वर. अंधाऱ्या रानात ती उठून दिसतात. पानं सुकली की बाजूला सारतो, नवी आणतो, आणि वर फांदीवर बसून दिवसदिवस गातो, इतर पक्ष्यांच्या नकला करतो. सगळं मादीने यावं म्हणून. हिवाळ्यात फळं कमी झाली की हाच पक्षी पानं खातोसुद्धा. लहर इथेही नाहीच. पण मेसेजवाल्याला गोष्ट सांगायचीच होती तर ही होती की!

गोड गळा आणि हरितद्रव्य. यावर मी फार वेळ घालवणार नाही. चिलीत या पक्ष्याचं नाव ‘रारा’ आहे, आणि ते त्याच्या आवाजावरूनच पडलं आहे. तेल न घातलेली बिजागरी कुरकुरावी तसा खरखरीत आवाज. काटेकोर बोलायचं तर पानकातऱ्या गाणाऱ्या पक्ष्यांच्या मुख्य शाखेतलाही नाही. तो त्या गणाच्या दुसऱ्या शाखेतला, जिथे स्वरयंत्राची रचना साधी असते आणि गाणं बहुतांशी उपजत येतं. त्याच्याच कोटिंगा कुळात पांढरा बेलबर्ड आहे. २०१९ मध्ये त्याच्या हाकेची नोंद १२५ डेसिबलपर्यंत झाली, कुठल्याही पक्ष्याचा आजवर नोंदलेला सर्वांत मोठा आवाज. तो खातो फळं. आणि न्यूझीलंडचा कोकाको पानंही खातो आणि गातोही अप्रतिम, पहाटे ऐकणाऱ्याचे पाय जागीच थांबावेत असं. पण तो फळं आणि किडेही खातो, आणि त्याची गाणी शेजाऱ्यापाजाऱ्यांकडून शिकलेली असतात, एका रानाची दुसऱ्या रानाहून निराळी. गळा गाण्याच्या अवयवाने आणि शिकण्याने घडतो. हरितद्रव्याचा त्यात काही हात नाही.

‘पानं फुकट मिळतात म्हणून हा कधीच नामशेष होणार नाही’ ही ओळ वाचून मात्र मला खरंच वाईट वाटलं. पेरूचा पानकातऱ्या आज जगातल्या धोक्यातल्या पक्ष्यांच्या यादीत आहे. इटलीत जन्मून पेरूचाच होऊन गेलेल्या अंतोनिओ रायमोंदी या निसर्गअभ्यासकाचं नाव त्याला दिलेलं आहे, रायमोंदीचा पानकातऱ्या. तो राहतो ती किनारपट्टी म्हणजे जवळजवळ वाळवंट. त्यात अल्गारोबो आणि सापोते या झाडाझुडपांची खुरटी राई, जमिनीला टेकणाऱ्या फांद्यांची गचपणं, एवढंच त्याचं जग. ही राई ऊस आणि इतर पिकांसाठी साफ झाली, सरपण आणि कोळशासाठी तोडली गेली, शेळ्यांनी खालून ओरबाडली. वर गेल्या काही वर्षांत एका बारीक माशीच्या अळ्यांनी अल्गारोबोची पानंच झडवून टाकली. पानं खाणाऱ्या पक्ष्याच्या रानातली पानं.

लांबायेके प्रांतातलं पोमाकचं रान या पक्ष्याच्या उरल्यासुरल्या आसऱ्यांपैकी एक. २००१ पासून ते संरक्षित आहे, तरी लोकांनी आत शिरून झाडं तोडली, शेतं केली. २००९ च्या जानेवारीत अतिक्रमण हटवताना दोन पोलिसांचा जीव गेला. आणि इथे कुणीतरी मोबाईलवर टाइप करतं की पानं काय, सगळीकडे मिळतात!

कुठलंही पान चालणारा पक्षी असता तर गोष्ट वेगळी होती. पण वर लिहिलंच आहे, लहान अंगाने पाल्यावर जगायचं तर पान निवडावं लागतं. त्याची ती चार झुडपं गेली की शेजारी उसाचा हिरवागार समुद्र असला तरी त्याच्या लेखी ते वाळवंटच. न्यूझीलंडच्या कोकाकोचंही तेच झालं होतं. माणसाने आणलेले उंदीर आणि पोसम त्याची अंडी-पिल्लं खाऊ लागले, पोसम तर त्याचा पालाही खाऊ लागले, आणि उत्तर बेटावर १९९९ च्या सुमारास जेमतेम ३३० जोड्या उरल्या. उंदीर-पोसमांचा कसून बंदोबस्त केला तेव्हा कुठे आता तो आकडा दोन हजारांच्या वर गेला आहे. पानांचा तुटवडा त्या रानात कधीच नव्हता.

हे सगळं मी बाबांना फोनवर सांगितलं. ते गप्प बसले, मग म्हणाले, मी चांगल्या मनानेच पाठवलं होतं. मला माहीत आहे. त्यांनी तो मेसेज ग्रुपवरून काढला आणि भाचीशीही बोलले. मग त्यांनी विचारलं, "बरं, पण मग त्या पिल्लाला द्यायचं काय होतं?"

काहीच नाही, बाबा. आधी बघायचं, पिसं पूर्ण फुटली आहेत का. फुटली असतील आणि पिल्लू टुणटुण उड्या मारत असेल, तर ते पडलेलं नाही, उडायला शिकतं आहे. आईबाप जवळपासच असतात. मांजर-कुत्र्याच्या वाटेतून उचलून जवळच्या झुडपात ठेवायचं आणि लांब व्हायचं. पिसं नसतील आणि घरटं दिसत असेल, हात पोचत असेल, तर उचलून घरट्यात ठेवायचं. माणसाचा हात लागला की पक्षी पिल्लाला टाकतात, हाही असाच एक फिरता समज आहे, टाकत नाहीत. घरटं सापडत नसेल किंवा पिल्लू जखमी असेल तर भोकं पाडलेल्या खोक्यात, मऊ कापडावर, अंधारात, उबेत ठेवायचं आणि वन्यजीवांवर उपचार करणाऱ्या माणसाला फोन करायचा. ते येईपर्यंत दूध नाही, भात नाही, रस नाही. आणि चोच उघडून पाणी तर मुळीच ओतायचं नाही. पक्ष्याच्या श्वासनळीचं तोंड जिभेच्या मागेच असतं. वरून ओतलेलं पाणी सरळ फुफ्फुसात जातं.